आपले डोंगर माथ्याला सपाट का?

प्रश्न : अजिंक्यतारा, चंदन-वंदन, पांडवगड... आमच्याकडचे डोंगर वरून सपाट आणि हिमालय टोकदार, असं का? जगात आणखी कुठे असे डोंगर आहेत का?
– एक वाचक, वाई

उत्तर : हिमालय भूखंडांच्या टकरीतून वर आला. थर वाकले, मोडले, उभे राहिले. सह्याद्रीचं तसं नाही. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भेगांतून लाव्हा वाहिला आणि भाकऱ्यांच्या चळतीसारखे आडवे थर साचले. पुढे पावसानं मऊ थर आधी कोरले, कठीण थरांचे कडे झाले. यवतेश्वरच्या घाटातून समोर पाहा, काळ्या कातळाच्या पट्ट्या कशा एका पातळीत धावतात! कासला तर या सगळ्यावर जांभ्याचा थर आहे.

याचं सख्खं भावंड म्हणजे इथिओपियाचं पठार. तिथे सुमारे ३ कोटी वर्षांपूर्वी असाच लाव्हा पसरला. सपाट माथ्याच्या, कडे तासलेल्या डोंगराला तिथे ‘अंबा’ म्हणतात, आणि आपल्यासारखेच त्यांनीही त्यांचे किल्ले केले. मगदला हा सम्राट तेवोद्रोस दुसरा याचा असाच गड. १८६८ मध्ये तो घेणारी इंग्रजांची फौज निघाली होती ती मुंबईहून! उंची मात्र आपल्यापेक्षा फार जास्त. कास सुमारे १,२०० मीटरवर, तर रास दशेन शिखर ४,५०० मीटरच्या वर. तिथल्या कुरणांत गेलाडा माकडं चक्क गवत खाऊन जगतात.

दक्षिण आफ्रिकेतल्या ड्राकेन्सबर्ग डोंगररांगेचा माथाही बेसाल्टचाच, म्हणजे लाव्हा थिजून झालेल्या काळ्या कातळाचा, पण बराच जुना, सुमारे १८ कोटी वर्षांचा.