वाचकांचे प्रश्न : कळसूत्री यक्ष

प्रश्न : आमच्या मंडळाने यंदा गणपतीपुढे ‘लोहवन’ नावाचं काल्पनिक जग उभारायचं ठरवलंय. त्यातल्या सात फुटी यंत्रयक्षाची मान वळवायला वायपरची मोटर लावली, तर तो नंदीबैलासारखी भराभर मान हलवतो. व्होल्टेज कमी केलं की मोटर अडते. काय करावं? (चोपडा)

उत्तर : व्होल्टेज उतरवलं की वेगाबरोबर जोरही जातो. 12 व्होल्टची वायपर मोटर हळू वेगालाही मिनिटाला साधारण 45 फेरे घेते. वेग दातांनी उतरवा. मोटरवर सायकलचं 18 दातांचं फ्रीव्हील आणि पुढच्या शाफ्टवर 44 दातांचं चक्र बसवलं की फेरे 18 वर येतात. तशीच दुसरी जोडी लावली की साडेसात, म्हणजे मान जाऊन परत यायला आठ सेकंद. फ्रीव्हील वेल्ड मारून जाम करा. नाहीतर ते मोकळं पुढे पळतं आणि मानेला झटका बसतो.

मानेसाठी जुन्या सायकलचा चिमटा कप-गोळ्यांसकट वापरा. शेवटच्या शाफ्टवर 3 सेंमीचा क्रँक आणि मानेला 15 सेंमीचा दांडा दिला की मान एकूण 23 अंश वळते. याहून जास्त नको.

पापणी मात्र पहिल्या शाफ्टवरून चालवा. प्लायवूडच्या 6 सेंमी त्रिज्येच्या चकतीला 45 अंशांची, 12 मिमी खोल खाच पाडा. तिच्या कडा उतरत्या ठेवा, उभ्या कडेला चकतीवर टेकलेलं पापणीच्या दांड्याचं बेअरिंग अडकतं. सव्वातीन सेकंदांनी पापणी क्षणभर मिटेल. खरी करामत पुढेच आहे : 44 ला 18 ने पूर्ण भाग जात नाही, त्यामुळे मान आणि पापणी पुन्हा त्याच जागी जुळायला 72 सेकंद लागतात. तोवर रांग पुढे सरकलेली असते, आणि यक्ष मनाने बघतोय असंच वाटतं.

बऱ्याच वायपर मोटरींचं कवचच ऋण टोक असतं. सांगाड्यावर दुसरी मोटर लावलीत आणि ती उलटी फिरवायला तारा बदलल्या की लोखंडी सांगाड्यातूनच शॉर्ट होतो. मोटरीखाली रबर घाला, बोल्टलाही रबरी बुश द्या, आणि प्रत्येक मोटरीला वेगळा 10 अँपिअरचा फ्यूज लावा.

यक्षाच्या अंगावरच्या सालीसाठी बारदानावर केळीच्या खोडाची वाळलेली सालपटं शिवा; रावेर-यावलकडे ती हवी तेवढी मिळतात. भादव्याच्या दमट हवेत ती ओल धरून जड होतात, म्हणून डोक्यावर कमी, खांद्यावर जास्त. आत फक्त एलईडी, हॅलोजन अजिबात नको. वाळूची बादली जवळ ठेवा.

प्रश्न : यक्षाला वाघदेवाचं नाव दिलं तर चालेल का? (शहादा)

उत्तर : नको. सातपुड्यात वाघदेवाची पूजा आजही होते. कल्पनेतल्या जगाला कल्पनेतलीच नावं द्यावीत.

प्रश्न : मी कथा लिहितेय. वीज नसलेल्या जंगलात असे यक्ष कशावर चालतील? (नंदुरबार)

उत्तर : ओढ्यावरचं पाणचक्र सुचेल, पण सातपुड्यासारखं रान घेतलंत तर उन्हाळ्यात बरेच ओढे आटतात आणि यक्ष निजतात. कथेला ते सोयीचंही आहे. स्प्रिंग उलगडत जाते तशी ढिली पडते, म्हणून यक्ष संध्याकाळी थकतो. खाली येणारं वजन शेवटपर्यंत सारखाच जोर देतं, पण हिशेब कडक आहे : 30 किलोचा दगड 10 मीटर उतरला, तर एक वॅट खाणारा यक्ष जेमतेम 49 मिनिटं चालेल, आणि तेही घर्षण सोडून. मग तो दगड रोज पुन्हा वर कोण ओढतं, हे आधी ठरवा.