नाट्यपद आणि पॉप, दोन्ही गायचंय?
इंदूरात राहून तू नाट्यपदंही गातेस आणि पॉप बँडसोबतही, हे मला फार आवडलं. एकासाठी दुसरं सोडू नकोस. नाट्यपदात आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचा आणि तान संपताच संवाद उचलायचा. म्हणून तालीम बसून नको, चालत-बोलत कर. पॉपमध्ये माईक ओठांजवळ असतो, तिथे तोच जोर लावलास तर आवाज फाटतो. ‘प’, ‘फ’, ‘भ’ आले की माईक किंचित तिरका धर. क्लिक ट्रॅकवर, म्हणजे कानात वाजणाऱ्या लयीच्या टिकटिकीवर, गायची सवय आत्ताच लाव. आणि भावगीत गायक अरुण दाते ऐक गं, जन्म १९३४, आपल्या इंदूरचेच; हळू आवाजात शब्द कसा पोचतो ते कळेल. प्रयोगाच्या दुसऱ्या दिवशी रेकॉर्डिंग मात्र घेऊ नकोस, कितीही आग्रह झाला तरी.