मुलीला आयर्लंडमध्ये प्रायमरी टीचर व्हायचंय, पण शाळा सगळ्या चर्चच्या, जमेल का?

पत्र थोडक्यात असं आहे: "सर, आम्ही मूळचे सांगलीकडचे, लिमरिकजवळ राहतो, हे सातवं वर्ष. मिस्टर आयटीत आहेत, मी लग्नाआधी डी.एड. करून झेडपीच्या शाळेत शिकवत होते. मुलगी इथे चौथीत आली, आता फिफ्थ इयरला (आपली अकरावी) आहे आणि तिला प्रायमरी टीचरच व्हायचंय. पण इथल्या बहुतेक शाळा कॅथलिक, बोर्डावर फादर. ती सहावीत होती तेव्हा वर्गात कन्फर्मेशनची (मोठ्या मुलांचा कॅथलिक संस्कार) तयारी चालायची आणि ही मागे बसून चित्रं रंगवायची. आता हीच उभी राहून प्रार्थना शिकवणार का? आम्ही हिंदू, नोकरी देतील का, धर्म बदलायला तर सांगणार नाहीत ना? मिस्टर म्हणतात फार्मसी घे, आणि आयरिश भाषा ऑर्डिनरी, म्हणजे सोप्या, लेव्हलला टाक म्हणजे बाकीच्या विषयांना वेळ मिळेल."

ताई, आधी तुमच्या शेवटच्या वाक्याचं बोलतो कारण तेच सगळ्यात अर्जंट आहे. आयरिश ऑर्डिनरीला टाकू नका. अजिबात नका. तुम्ही अख्खं पत्र फादर, चर्च, धर्म यावर लिहिलंय आणि खरा दरवाजा जिथे बंद होतो ती गोष्ट जाता जाता एका ओळीत. प्रायमरीच्या बी.एड.ला लीव्हिंग सर्टला (तिथली बारावी) आयरिशमध्ये एच-४ लागतो, म्हणजे हायर लेव्हलचा पेपर आणि त्यात किमान ६० टक्के. ऑर्डिनरीला शंभरपैकी शंभर पडले तरी उपयोग नाही. आणि नंतर बघू, आधी दुसरी डिग्री मग दोन वर्षांचं पीएमई (डिग्रीनंतरचा शिक्षक होण्याचा कोर्स) असा विचार असेल तर तिथेही प्रायमरीला हीच अट उभी आहे. बारा वर्षं पूर्ण झाल्यावर तिथल्या शाळेत पहिल्यांदा नाव घातलेल्या मुलांना आयरिशची सूट मिळू शकते, आईबाप खूश होतात, सुटलो एकदाचे म्हणून, आणि पाच वर्षांनी मुलगी म्हणते मला टीचर व्हायचंय. तुमची लेक लहान वयात आली म्हणून तिला ती सूट मिळाली नसणार, हे नशीब समजा. तोंडी परीक्षेलाच ४० टक्के मार्क असतात, तेव्हा पेपरपेक्षा बोलण्यावर जोर द्या, सुट्टीत गेल्टॅक्टमध्ये (जिथे रोज आयरिश बोलतात तो भाग) एखादा कोर्स जमला तर बघा. तसंही बी.एड.मध्ये चार आठवडे गेल्टॅक्टमध्ये राहावंच लागतं.

आता चर्चचं. हे समजून घ्यायला तुम्हाला सगळ्यात सोपं जाईल, कारण तुम्ही महाराष्ट्रात शाळेत होतात. आपल्याकडची खाजगी अनुदानित शाळा आठवा, पगार सरकार देतं, अभ्यासक्रम सरकारचा, तपासणीला सरकारी साहेब येतात, पण शाळा संस्थेची आणि नेमणुकीत संस्थाचालकांचा शब्द. आयर्लंडमध्ये जवळपास सगळ्या प्रायमरी शाळा अशाच आहेत. तीन हजारांच्या थोड्या वर शाळा आणि त्यातल्या दहापैकी नऊच्या आसपास कॅथलिक. संस्थाचालकाच्या जागी तिथे पेट्रन असतो, म्हणजे बहुतेक ठिकाणी त्या भागाचा बिशप. त्याच्या खाली आठ जणांचं बोर्ड ऑफ मॅनेजमेंट: पेट्रनची दोन माणसं, पालकांतून निवडलेले दोन, मुख्याध्यापक, शिक्षकांतून एक आणि गावातले दोन. चेअरमन पेट्रन नेमतो. पूर्वी तो पॅरिशचा (एका चर्चखालचा गाव-परिसर) फादरच असायचा, आता बऱ्याच ठिकाणी रिटायर्ड मुख्याध्यापक नाहीतर गावातलं कोणीतरी असतं कारण फादरच उरले नाहीत. पण टीचरच्या नेमणुकीला पेट्रनची मंजुरी आजही लागते, हे लक्षात ठेवा.

हे असं का झालं? गंमत म्हणजे सुरुवात उलटी होती. १८३१ मध्ये एडवर्ड स्टॅन्ली या ब्रिटिश मंत्र्याने नॅशनल स्कूल ही सरकारी पैशाच्या प्रायमरी शाळांची पद्धत सुरू केली तेव्हा कल्पना अशी की कॅथलिक प्रोटेस्टंट सगळी मुलं एकत्र शिकतील, धर्माचा तास वेगळा. कोणत्याच चर्चला ते पटलं नाही आणि पुढच्या काही दशकांत शाळा आपोआप ज्याच्या त्याच्या झाल्या. त्याच्या आधीपासूनच नन आणि ब्रदर गरिबांच्या पोरांना शिकवत होते, कॉर्कमध्ये नॅनो नेगल, वॉटरफर्डला एडमंड राइस (ख्रिश्चन ब्रदर्सवाले), डब्लिनला कॅथरिन मॅकॉली. इंग्रजांच्या राज्यात कॅथलिकांना शिकवायलाच बंदी होती असा काळ लोकांच्या आठवणीत ताजा होता, त्यामुळे ही मंडळी देवासारखी वाटली तर नवल नाही. मदर तेरेसासुद्धा १९२८ मध्ये आधी डब्लिनच्या लोरेटो नन्सकडे गेल्या आणि मग कोलकात्याला आल्या. १९२२ ला स्वातंत्र्य मिळालं तेव्हा नव्या सरकारकडे पैसा नव्हता, चर्चकडे जमीन, इमारती, माणसं सगळं होतं. मग काय, चालू द्या. माध्यमिक शिक्षण फुकट झालं तेसुद्धा १९६७ मध्ये.

आणि फक्त शाळा नाही हो. गावात पॅरिश म्हणजे फुटबॉल-हर्लिंगच्या क्लबची हद्दसुद्धा तीच, डब्लिनच्या सगळ्यात मोठ्या स्टेडियमला, क्रोक पार्कला, एका आर्चबिशपचं नाव. पश्चिमेकडच्या मेयो काउंटीत मॉन्सिन्योर होरन नावाच्या फादरने माळरानावर एअरपोर्ट आणला, सगळे हसत होते, १९८६ मध्ये उघडला आणि अजून चालतो. कोणी गेलं तर अख्खं गाव घरी, मग चर्चमध्ये, मग चहा-सँडविच. तुमच्या शेजारी कोणी गेलं असेल तर तुम्ही पाहिलंच असेल. टीचर त्या गावाचा भाग असतो, वर्गातल्या मुलाचे आजोबा गेले तर शाळा अंत्यविधीला जाते. हे मला तरी चांगलंच वाटतं, आणि तुमच्या मुलीला त्यात काही अडचण येईल असं वाटत नाही.

पण दुसरी बाजूही सांगतो, कारण तुमच्या मिस्टरांनी बातम्या वाचल्या असणारच. २००९ च्या रायन रिपोर्टमध्ये (सरकारी चौकशी आयोगाचा अहवाल) नन आणि ब्रदर यांच्या धार्मिक संघांच्या संस्थांत मुलांवर काय काय झालं ते बाहेर आलं, आणि २०२४ मध्ये सरकारी चौकशीत संघांच्या ३०८ शाळांमधले जवळपास २४०० आरोप नोंदले गेले. लोकांचा विश्वास तिथेच तुटला. सत्तरीच्या दशकात दहातले नऊ जण दर रविवारी चर्चला जायचे, आज मोठ्या शहरात चर्चचे बाक रिकामे असतात, २०२२ च्या जनगणनेत स्वतःला कॅथलिक म्हणणारे ६९ टक्के. नवे फादर होतच नाहीत, कितीतरी पॅरिशमध्ये आता केरळचे नाहीतर नायजेरियाचे फादर दिसतात. करिअरच्या दृष्टीने याचा अर्थ असा की आता टीचरसाठी नियम कडक आहेत, पोलीस व्हेटिंगशिवाय (पोलिसांकडून पार्श्वभूमीची तपासणी) रजिस्ट्रेशन नाही, आणि मुलाला त्रास होतोय असा संशय आला तर कळवणं टीचरवर कायद्याने बंधनकारक आहे, मग समोर कोणीही असो.

आता नोकरी. धर्म बदलायला कोणी सांगणार नाही, ते डोक्यातून काढा. पण 'तुमच्या धर्माचा काही संबंध नाही' असंही मी म्हणणार नाही. १९८२ मध्ये वेक्सफर्डच्या न्यू रॉसमध्ये आयलीन फ्लिन नावाच्या शिक्षिकेला नन्सच्या शाळेने काढलं, कारण ती एका विवाहित माणसाबरोबर राहत होती आणि तिला मूल झालं होतं, आणि १९८५ मध्ये हायकोर्टानेही शाळेची बाजू घेतली. पुढे १९९८ च्या समानता कायद्यात कलम ३७ आलं, धार्मिक संस्थेला आपला 'इथॉस', म्हणजे धार्मिक वळण, जपायची मुभा देणारं. २०१५ मध्ये त्याला चांगलीच वेसण घातली, त्यामुळे खाजगी आयुष्यावरून काढणं आज सोपं नाही. तरी इंटरव्ह्यूला एक प्रश्न नक्की येतो: आमच्या शाळेचा कॅथलिक इथॉस तुम्ही कसा जपाल? आणि जाहिरातीत बऱ्याचदा कॅथलिक धर्मशिक्षणाचं सर्टिफिकेट मागतात. बी.एड. करताना कॉलेजमध्ये हा कोर्स ऐच्छिक असतो, घ्यायचा की नाही ते मुलगी ठरवणार.

वर्गात प्रत्यक्ष काय करावं लागतं ते बघा म्हणजे भीती कमी होईल किंवा वाढेल, पण निदान खरी असेल. कोपऱ्यात एक छोटं टेबल, त्यावर मेणबत्ती, बायबल आणि एक कापड, ॲडव्हेंटला (नाताळआधीचे आठवडे) आणि लेंटला (ईस्टरआधीचा उपवासाचा काळ) जांभळं, एरवी बहुतेक वेळा हिरवं, ते बदलायचं काम टीचरचं. सकाळी प्रार्थना. १ फेब्रुवारीच्या सुमाराला लव्हाळ्याचे सेंट ब्रिजिडचे क्रॉस विणायचे, हे तर पोरांना इतकं आवडतं की तासाचा धर्माशी संबंध आहे हेही विसरायला होतं. धर्माचा तास आठवड्याला अडीच तास होता, २०२३ च्या नव्या आराखड्यात दोन तासांवर आणलाय. खरा भार दुसरीच्या आणि सहावीच्या टीचरवर. दुसरीत पहिलं कन्फेशन (फादरकडे चुकांची कबुली) आणि मे महिन्यात फर्स्ट कम्युनियन (चर्चमध्ये पहिल्यांदा प्रसादाची भाकर घेण्याचा संस्कार), पांढरे झगे, चर्चमध्ये रंगीत तालमी, गाणी पाठ करून घेणं, कोणी कुठे उभं राहायचं, आणि यातलं बहुतेक सगळं फादर नाही तर टीचर करून घेते. मोठ्या शाळेत मुख्याध्यापकाला सांगून दुसरीचा वर्ग टाळता येतो. पण खेड्यातल्या द्विशिक्षकी शाळेत, तुम्हाला तर माहितीये, बालवर्गापासून दुसरीपर्यंत सगळं एकीच्याच गळ्यात, तिथे टाळणार कुठे. म्हणून अर्ज करताना शाळा किती शिक्षकी आहे हे बघणं मला धर्माच्या प्रश्नापेक्षा महत्त्वाचं वाटतं.

मुलीला सरळ विचारा: हे करताना तुला आत काही टोचेल का? चर्चला कधी न जाणारे आयरिश टीचरसुद्धा हे सगळं शांतपणे करतात, शाळेचं काम म्हणून. तिला तसं जमणार असेल तर सर्टिफिकेट घेऊन टाकावं, दहातल्या नऊ शाळांचं दार उघडं राहतं. जमणार नसेल, मुलांना 'हे खरं आहे' असं सांगणं तिला खोटं वाटत असेल, तर नोकरीसाठी म्हणून घेऊ नये, ते दरवर्षी मे महिन्यात नडेल. मग एज्युकेट टुगेदर या कोणत्याही चर्चशी न जोडलेल्या संस्थेच्या शाळा आहेत, पहिली १९७८ मध्ये डब्लिनजवळ डॉकीला पालकांनी मिळून काढली, आता नव्वदहून जास्त आहेत, आणि कम्युनिटी नॅशनल स्कूल्स आहेत. तिथे सगळे धर्म शिकवतात, कम्युनियनची तयारी शाळेच्या वेळात नाही. सरकारला २०३० पर्यंत अशा ४०० शाळा करायच्यात, पण गाडी फारच हळू चाललीय, गावाला आपली शाळा सोडवत नाही, त्यामुळे त्या आकड्यावर भरवसा ठेवून करिअर ठरवू नका. डब्लिनकडे टीचर कमी पडतात, घरभाडं परवडत नाही म्हणून कोणी टिकत नाही, तिथे सर्टिफिकेट नसलेल्यालाही संधी मिळते असं दिसतं.

तिला मागे बसून रंगवावं लागलं ना, त्याचा इंटरव्ह्यूत उपयोग होईल, कडवटपणे नको, पण आजच्या प्रत्येक वर्गात अशी दोन-चार मुलं असतात आणि त्या वेळात त्यांना काय काम द्यायचं हे बोर्डाला माहीत असतंच असं नाही. घटनेने मुलाला धर्माच्या तासातून बाहेर राहायचा हक्क दिलाय, पण बाहेर म्हणजे कुठे, हे बिचाऱ्या टीचरलाच ठरवावं लागतं. हिने त्यावर दोन नीट कल्पना मांडल्या तर कॅथलिक शाळेलाही ती हवीशी वाटेल.

कॉलेजचं म्हणाल तर लिमरिकमध्येच मेरी इमॅक्युलेट आहे, घरून जाता येईल, राहण्याचा खर्च वाचला. १८९८ ची, मर्सी नन्सनी सुरू केलेली, म्हणजे तीही कॅथलिकच, पण प्रवेशाला धर्म विचारत नाहीत. डब्लिनला डीसीयू (डब्लिन सिटी युनिव्हर्सिटी) आणि मरिनो कॉलेज, शिवाय मेनूथ युनिव्हर्सिटी. चार वर्षांचा कोर्स, पॉइंट (लीव्हिंग सर्टच्या ग्रेडवरून मिळणारे प्रवेशाचे गुण) साडेचारशे-पाचशेच्या घरात, वर्षाप्रमाणे वरखाली. सीएओचा (कॉलेज प्रवेशाचं केंद्रीय कार्यालय) फॉर्म सिक्स्थ इयरला १ फेब्रुवारीपर्यंत, आणि कोर्सची क्रमवारी १ जुलैपर्यंत बदलता येते, म्हणजे मिस्टरांची फार्मसीही त्याच फॉर्मवर खाली टाका, भांडण नको. फ्री फी, म्हणजे सरकारकडून फीमाफी, मिळते का हे तुमच्या व्हिसा-सिटिझनशिपवर आहे, ते आत्ताच तपासा.

या वर्षीच्या सुट्टीआधी जवळच्या प्रायमरी शाळेत आठवडाभर बसू द्याल का असं मुख्याध्यापकांना तिनेच जाऊन विचारावं. सोळा पूर्ण असेल तर व्हेटिंगला तुमची सही लागेल. जमलं तर दुसरीचाच वर्ग मागावा.

आणि तुम्ही विचारलं नाहीत तरी सांगतो, तुमचं डी.एड. घेऊन तिथे थेट टीचर होणं अवघड आहे, पण स्पेशल नीड्स असिस्टंटच्या (विशेष गरजा असलेल्या मुलांना वर्गात मदत करणारी व्यक्ती) जागा निघतात, त्यांना आयरिशची अट नसते (आयरिश माध्यमाच्या शाळा सोडून). झेडपीत चाळीस पोरं सांभाळलेल्या बाईला मी तर सांगेन, या वर्षी अर्ज टाकाच.