चेक घ्या काका, त्या कागदावर सही नको

प्रश्न: बुटीबोरी एमआयडीसीतल्या एका कारखान्यातून ३० जून २०२३ ला निवृत्त झालो. नोकरी २८ वर्षं, शेवटचं बेसिक आणि महागाई भत्ता मिळून ३१,२०० रुपये. ग्रॅच्युइटी आता कुठे, डिसेंबर २०२५ अखेर देतो म्हणतात. ५,०४,००० चा चेक तयार आहे, पण ‘हिशेब पूर्ण मिळाला, पुढे काही मागणी नाही’ असं लिहून हवंय. अर्जच केला नव्हता, म्हणून व्याज नाही, असं एचआरचं म्हणणं. मुलगा म्हणतो, राहू द्या, १० टक्के चढतंय, बँकेत कुठे मिळतं? घर मुलाच्या पगारावर नीट चालतं. काय करू?
एक वाचक, मानेवाडा, नागपूर

काका, मुद्दल बरोबर आहे. ३१,२०० ला २६ ने भागून १५ ने गुणलं की १८,०००, त्याचे २८ वर्षांचे ५,०४,०००. प्रश्न उरतो व्याजाचा.

१९७२ च्या ग्रॅच्युइटी कायद्यात मालकाला ३० दिवसांची मुदत आहे. (२१ नोव्हेंबर २०२५ पासून नवी सामाजिक सुरक्षा संहिता आली, पण तुमची निवृत्ती त्याआधीची.) मुदत हुकली की रक्कम देय झाली त्या दिवसापासून सरळ व्याज लागतं. १९८७ च्या अधिसूचनेप्रमाणे दर १० टक्के. म्हणजे महिन्याला ४,२००, आणि ३० महिन्यांचे १,२६,०००. ही काही चहापाण्याची रक्कम नाही.

एचआरची सबब तर अगदीच लंगडी. अर्ज येवो न येवो, ग्रॅच्युइटी किती होते ते ठरवून कळवणं मालकाचंच काम आहे, असं कलम ७ सांगतं. व्याज टळायचं तर उशीर कामगाराच्या चुकीनं झालेला हवा आणि त्यासाठी नियंत्रक प्राधिकाऱ्याची (ग्रॅच्युइटीचे वाद ऐकणाऱ्या अधिकाऱ्याची) लेखी परवानगी मालकानं घेतलेली हवी. असेल तर दाखवा म्हणावं. हे व्याज मालकाच्या मर्जीवर नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २००३ मध्ये गंगाहनुमे गौडा प्रकरणात स्पष्ट केलंय.

आता चिरंजीवांचं गणित. ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत ८.२ टक्के मिळतात, तेव्हा १० जास्तच. पण तिथे हमी सरकारची असते, इथे अडीच वर्षं पैसे न देणाऱ्या कारखान्याची. शिवाय व्याज सरळ, व्याजावर व्याज नाही. आत अजून कामावर असलेल्यांना विचारा, पगार वेळेवर होतात का, पीएफ खात्यात जमा दिसतो का. उत्तर ‘हो’ आलं तरी वरच्या पावणेदोन टक्क्यांसाठी पाच लाख तिथे ठेवा असं मी म्हणणार नाही.

तेव्हा चेक घ्या. पावतीवर एवढंच लिहा: ‘ग्रॅच्युइटीचं मुद्दल मिळालं, विलंबाच्या व्याजाचा हक्क राखून.’ हे नको म्हणाले तर सही न करता परत या. तशी सही केल्यानंही हक्क बुडत नाही, कारण कलम १४ प्रमाणे कायद्याशी विसंगत करार चालत नाही. पण मग ती सही का केली, हे सांगत बसावं लागतं. घरात आजारपण असतं, पैसा उद्याच हवा असता, तर मी म्हटलं असतं, करा सही आणि भांडा मागून. तुमच्यावर ती वेळ नाही.

नमुना ‘आय’चा, म्हणजे ग्रॅच्युइटी मागण्याचा अर्ज याच आठवड्यात स्पीड पोस्टानं कारखान्याला पाठवा, पोच जपून ठेवा. दाद लागली नाही तर नमुना ‘एन’चा, म्हणजे तक्रारीचा अर्ज नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे. महाराष्ट्रात हे काम कामगार न्यायालय बघतं, मात्र कंपनीच्या शाखा इतर राज्यांतही असतील तर केंद्रीय कामगार खात्याकडे जावं लागतं. या तक्रारीची ९० दिवसांची मुदत उलटली आहे, म्हणून उशिराचं कारण लिहा. ‘पुढच्या महिन्यात देतो’ असे मेसेज मोबाइलवर असतील तर तेच कारण आणि तोच पुरावा. आदेशानंतरही पैसे आले नाहीत, तर जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते, आणि तेव्हा व्याज चक्रवाढ लागतं.

ग्रॅच्युइटी करमुक्त आहे, व्याज मात्र इतर उत्पन्नात दाखवावं लागेल. मुद्दल हाती आलं की पोस्टात बचत योजनेत टाका, दर तिमाहीला १०,३३२ रुपये येतील.