आजीची तुळस आणि भाच्याचा मासा

प्रश्न : पुण्यात शिकणारा माझा भाचा पाठीवर जपानी पद्धतीचा कोई मासा गोंदवून घेणार आहे. आमच्या आईच्या हातावर माळेगावच्या जत्रेत गोंदलेली तुळस आहे, तरीही ती म्हणते, "असलं पाठभर गोंदण गुंडांचं असतंय." या माशाचा अर्थ काय, आणि आईचे म्हणणे कितपत खरे? – एक वाचक, लोहा (जि. नांदेड)

उत्तर : आपल्या आईंचा आक्षेप निराधार नाही. अठराव्या शतकात जपानमध्ये गुन्हेगारांच्या अंगावर शिक्षेची खूण गोंदली जाई, पुढे याकुझा या संघटित गुन्हेगारी टोळ्यांनी अंगभर गोंदण आपलेसे केले, आणि म्हणूनच तिथल्या अनेक सार्वजनिक स्नानगृहांत गोंदलेल्यांना आजही प्रवेश मिळत नाही. चित्रमय गोंदणाला बहर आला तो मात्र वेगळ्या कारणाने. उतागावा कुनियोशी या चित्रकाराने १८२७ च्या सुमारास ‘सुइकोदेन’ या चिनी कथेतील बंडखोर वीरांची ठसाचित्रे काढली. त्यांतील अनेकांची अंगे गोंदलेली होती, आणि एदोतील, म्हणजे आजच्या तोक्योतील, आग विझवणाऱ्यांनी व कष्टकऱ्यांनी ती चित्रे हौसेने स्वतःच्या पाठीवर उतरवली. या गोंदणांतला ड्रॅगन हा पाण्याचा स्वामी मानला जात असल्याने आगीशी झुंजणाऱ्याला तो विशेष जवळचा. सरकारने १८७२ मध्ये गोंदणावर घातलेली बंदी १९४८ मध्ये उठली.

पिवळ्या नदीचा प्रवाह कापत ‘ड्रॅगनद्वार’ ओलांडणारा मासा स्वतःच ड्रॅगन होतो, अशी चिनी आख्यायिका आहे. कोईचा जिद्दीशी संबंध तिच्यातूनच आला. परंतु या कलेत चित्र एकटे येत नाही. कोईसोबत बहुधा शरदातील मेपलची पाने येतात, सिंहासोबत पिओनीची फुले येतात, आणि लाटा, वारा, ढग यांची काळसर पार्श्वभूमी हे सारे एकत्र बांधते. सुटा मासा उचलून खांद्यावर चिकटवणे मला तरी अभंगातला एकच शब्द म्हणण्यासारखे वाटते.

जुन्या पद्धतीत, म्हणजे ‘तेबोरी’त, दांड्याला बांधलेला सुयांचा जुडगा हाताने त्वचेत टोचतात. पूर्ण पाठीला अनेक बैठका आणि बहुधा वर्षाहून अधिक काळ लागतो. काजळीची काळी शाई त्वचेखाली निळसर दिसू लागते. आपल्या आईंच्या तुळशीचा रंग आठवून पाहा. भाच्याने गोंदणाऱ्याला आधी एवढेच विचारावे, की माशाशेजारी कोणते पान येणार आहे.