पेरूतल्या कुस्को शहरातून इंकांची जुनी स्थळं बघायला स्वस्तातली एक दिवसाची गाइडेड टूर घ्यावी का?

हो, जरूर घ्या. फक्त बुक करण्याआधी तिकिटाचं विचारून घ्या. स्वस्त टूरच्या भावात बहुतेकदा बस आणि गाइडच असतो. पिसाक, ओयान्तायताम्बो, चिंचेरो आणि मोराय यांचं एकत्रित तिकीट, म्हणजे 'बोलेतो तुरिस्तिको', वेगळं काढावं लागतं. मारासच्या मिठागरांचं शुल्क त्यातही धरलेलं नसतं. एकाच दिवसात सगळं कोंबणाऱ्या टूरपेक्षा कमी ठिकाणं दाखवणारी निवडा, कारण खरी गंमत निवांत बघण्यात आहे.

ओयान्तायताम्बोला वरच्या सूर्यमंदिरापर्यंत चढाच. गुलाबीसर दगडाच्या सहा प्रचंड शिळा ओळीने उभ्या आहेत आणि दोन शिळांच्या मधल्या फटीत अरुंद दगडी पट्ट्या नेमक्या बसवल्यात. या शिळा नदीपलीकडच्या डोंगरातल्या खाणीतून आणल्या, तेही चाकाच्या गाड्या नसताना! गाइडला ती खाण दाखवायला सांगा.

माचू पिचूला जायचं असेल तर परतीच्या बसमध्ये बसू नका, तिकडची ट्रेन ओयान्तायताम्बोहूनही मिळते. मात्र सामान सोबत ठेवा आणि गाइडला सकाळीच कल्पना द्या. कुस्को सुमारे 3,400 मीटरवर आहे, त्यामुळे उतरल्या दिवशी टूर नको.