यार्डातला तो कागद

चि. यास अनेक आशीर्वाद.

परवा तू अर्धा तास बोललास. हप्त्यांसाठी फायनान्सवाल्याच्या माणसांनी टेम्पो कुठे अडवला, किती जण होते, चावी कुणी काढून घेतली, सगळं सांगितलंस. ओढून नेलेल्या गाड्या ठेवतात त्या यार्डात काय झालं असं विचारलं तेव्हा मात्र मोबाइलमध्ये डोकं घातलंस. तेव्हापासून मला चैन नाही, म्हणून हे पत्र.

चार हप्ते थकले हे तू स्वतःच कबूल केलंस. त्यावर मी काही बोलणार नाही. पण चोरीची फिर्याद द्यायचं खूळ डोक्यातून काढ. भाडेखरेदीच्या, म्हणजे सगळे हप्ते फिटेपर्यंत गाडी फायनान्सवाल्याचीच राहते अशा करारात हप्ते थकल्यावर फायनान्सवाल्याने गाडी परत घेतली तर ती चोरी होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्येच सांगून ठेवलंय. २०२० च्या मॅग्मा फिनकॉर्पच्या प्रकरणात तर ग्राहक जिल्ह्याच्या ग्राहक मंचापासून राष्ट्रीय आयोगापर्यंत जिंकत गेला आणि सर्वोच्च न्यायालयात जवळपास सगळं उलटलं. गाडी नेण्याआधी नोटीस द्यायची की नाही, तेही करारात काय लिहिलंय त्यावर ठरतं, असं तिथे सांगितलं गेलं. म्हणून विचारतो, तुझा करार कुठाय? 'त्यांनी दिलाच नाही.' मागितलास? लेखी मागितलास?

तोंडी काहीही नको. लिहून दे आणि पोच घे.

कायदा तुझ्या बाजूने नाही असं मुळीच नाही. वसुली कायदेशीर मार्गानेच झाली पाहिजे, दांडगाई करून गाडी ओढून नेता येणार नाही, हे २०११ मध्ये सिटीकॉर्प मारुती फायनान्सच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलंय. फायनान्स कंपन्यांसाठी रिझर्व्ह बँकेचा नियमच आहे की ताबा घेण्याआधी किती दिवसांची नोटीस, ताबा कसा घ्यायचा, लिलावाआधी कर्जदाराला शेवटची संधी कशी द्यायची, हे करारात लिहिलेलं असलं पाहिजे. पण तुला खाली ओढलं, हात पिरगळला, हे ग्राहक आयोगापुढे कोण सांगणार? त्याच दिवशी पोलीस ठाण्यात अर्ज दिला असतास, आवक शिक्का मारून घेतला असतास, तर तो कागद बोलला असता. अजूनही दे. वेळ, जागा, गाडी क्रमांक, सगळं घाल. उशीर का झाला तेही खरं खरं लिही.

मी दिला नव्हता. माझा टेम्पो नेला त्या रात्री मी घरी जाऊन पडून राहिलो. सकाळी यार्डावर गेलो, कारण सीटखालच्या कापडी पिशवीत लायसन आणि गिऱ्हाइकांची बिलं होती. पिशवी हवी तर इथे सही करा, यार्डातला माणूस म्हणाला. छापील फॉर्म, तारखेची जागा कोरी, सहीच्या जागी पेन्सिलने फुली. मी पिशवी घेतली आणि सही केली. चौथी ओळ होती, 'मी वाहन स्वखुशीने जमा करीत आहे.' ती मी पहिल्यांदा वाचली ती समोरच्या वकिलाने मोठ्याने वाचून दाखवली तेव्हा. रस्त्यावर काय झालं हे सांगायला मग माझ्याकडे तोंडाशिवाय काही उरलं नाही.

आठ वर्षं तारखा केल्या. मधे तडजोडीचा प्रस्ताव आला होता. भाऊ म्हणाला, घे आणि मोकळा हो. मी नाही घेतला. बायकोचा जीव किती टांगणीला लागला असेल ते आता कळतं, पण चुकलो असं मला अजूनही वाटत नाही. गाडी कितीला विकली, बोली कुणाकुणाची आली, शेवटची संधी दिल्याचं पत्र कुठाय, हे मी लेखी मागत राहिलो. ते पत्र त्यांच्याकडे नव्हतंच. टेम्पो परत आला नाही. पण लिलावानंतरची जी उरलेली बाकी माझ्या डोक्यावर ठेवली होती, ती रद्द झाली. हट्ट केला नसता तर तीही भरत बसलो असतो.

तुझ्याकडे आठ वर्षं नाहीत, गाडी विकली जाण्याआधी फार तर काही दिवस आहेत. आजच कंपनीला पत्र लिही: कराराची प्रत द्या, खात्याचा उतारा द्या, गाडीतल्या सामानाची यादी द्या, किती भरल्यावर गाडी सोडाल ते कळवा, मला कळवल्याशिवाय विकू नका. स्पीड पोस्टाने पाठव आणि पावती जपून ठेव. त्या वसुलीच्या पोरांशी फोनवर हुज्जत घालू नकोस. फोनवर ठरलेलं ठरलेलं नसतं, किती वेळा सांगू?

लवादाचा, म्हणजे कोर्टाबाहेर वादाचा निवाडा करणाऱ्याचा लिफाफा आला तो तू न फोडता टीव्हीमागे ठेवलास, हे ऐकून मला खरंच राग आला. न गेलास तर एकतर्फी निवाडा होईल, आणि तो हातात पडल्यापासून आव्हानाला तीन महिने, त्यापुढे फार तर ३० दिवस. लवाद कंपनीने एकटीनेच नेमला असेल तर त्यालाही हरकत घेता येते, पण लेखी. आरटीओकडून पत्र आलं तर तेही फोड. थकबाकीत गाडी ताब्यात घेतली की फायनान्सवाला आरसी, म्हणजे गाडीचं नोंदणीपत्र, स्वतःच्या नावावर मागू शकतो. त्याआधी तुझं म्हणणं मांडायची संधी तुला मिळते. ग्राहक आयोगात जायला दोन वर्षांची मुदत असते. तक्रारीत हे लिहायला विसरू नकोस की टेम्पो तू स्वतः चालवतोस आणि घर त्याच्यावर चालतं, नाहीतर 'व्यापारी हेतू' म्हणून सुरुवातीलाच आडवं लावतील.

रविवारी सकाळी ये. लिफाफा, हप्त्यांच्या पावत्या, बँकेचं पासबुक, सगळं घेऊन ये. आणि यार्डात कुठल्या कागदावर सही केली असशील तर ते येण्याआधी, आज रात्रीच फोन करून सांग. मी ओरडणार नाही. मीही केली होती.